गोळा भात नेमका कुठे बिघडतो? तयारीपासून पंगतीपर्यंत

गोळा भात, म्हणजे हरभऱ्याच्या डाळीचे गोळे भातात शिजवून केलेला नागपूरकडचा भात, बिघडला की तक्रार ठरलेली असते. कुणाचे गोळे भातात विरघळून अर्धं पातेलं पिठल्यासारखं होतं, तर कुणाचे इतके दडदडीत होतात की ताटात फुटता फुटत नाहीत. पुण्या-मुंबईत राहणाऱ्या नागपूरकरांची आणखी एक तक्रार असते, "सगळं आईसारखंच केलं, पण चव पुलावासारखी आली."

या सगळ्याचं मूळ बहुतेक वेळा मसाल्यात नसतंच. गोळा पाण्यात शिजवायचा नसतो, तो भाताच्या वाफेवर शिजवायचा असतो. भातातलं पाणी जवळपास आटलेलं असतं पण वाफ भरपूर असते, अशी वेळ दोन-तीन मिनिटांपुरतीच येते. ती हुकली की पुढे काही सावरत नाही.

दुसरी चूक वाढण्यात होते. नागपूरकडे गोळा भाताला जे घरगुती महत्त्व आहे, ते त्याच्या रचनेतूनच आलंय. पोळीच्या जेवणात कुणीतरी एक जण शेवटपर्यंत तव्यापाशी उभा असतो, म्हणजे बहुतेक घरांत उभी असते. गोळा भाताला तव्याची गरज नाही. गॅस बंद झाला की सगळं जेवण तयार असतं आणि करणारीलाही सगळ्यांबरोबर पानावर बसता येतं. पण हे जमतं ते टप्पे त्यांच्या क्रमाने झाले तरच. सार आणि फोडणी शेवटी उरकायला ठेवली, की ती पुन्हा ओट्याशी आणि बाकीचे ताटं घेऊन ताटकळत, म्हणजे या जेवणातली गंमतच गेली.

खालचं प्रमाण चार जणांचं आहे. वाटी १५० मिलीची धरली आहे.

## १. आदल्या दिवशीची तयारी: भरडा

गोळ्यांना भरडा लागतो, म्हणजे हरभऱ्याच्या डाळीचं रव्यासारखं जाडसर पीठ. भज्यांचं बारीक बेसन चालत नाही. बारीक बेसन पाणी लागताच चिकट होतं, गोळा बाहेरून तुकतुकीत दिसतो आणि आतून घट्ट बसतो. भरड्याच्या कणांमध्ये जागा राहते, तिथून वाफ आत शिरते.

डाळ निवडून, उन्हात तासभर ठेवून किंवा कढईत जरा शेकून चक्कीवर न्या. रंग बदलेपर्यंत भाजू नका. चक्कीवाल्याला "भरडा" म्हटलं की कळतं, पण गव्हानंतर लगेच आपली डाळ टाकू देऊ नका. आधीचं गव्हाचं पीठ पहिल्या किलोभरात उतरतं आणि मग गोळे लवचीक, रबरी होतात. आधी कुणाची तरी डाळ दळून होऊ द्या, मग आपली द्या. घरी मिक्सरवर करायचं तर थोडी थोडी डाळ थांबून थांबून फिरवा आणि मैद्याच्या चाळणीने बारीक पीठ चाळून वेगळं काढा. ते साराला किंवा कढीला लावायला होतं.

नागपूरबाहेर भरडा मिळत नसेल तर बेसनात चौथा हिस्सा बारीक रवा मिसळणारे लोक आहेत. काम भागतं, पण चवीत फरक पडतो. त्यापेक्षा भिजवलेल्या डाळीचे गोळे करा. डाळ चार तास भिजवा (मे महिन्यात तीन पुरतात), चाळणीत अर्धा तास निथळू द्या आणि पाण्याचा थेंबही न घालता जाडसर वाटा. हे गोळे जास्त मऊ होतात आणि कोरड्या भरड्यापेक्षा लवकर शिजतात. कित्येक घरांत हीच पद्धत आहे.

सावधान: सुटी डाळ घेत असाल तर मूठभर ताटलीत पसरून पाहा. हरभऱ्याची डाळ अर्धगोल असते. मध्येच टोकदार, पाचरीच्या आकाराचे तुकडे दिसले तर लाखोळीची (खेसारी डाळीची) भेसळ आहे. तो माल परत करा.

## २. तांदूळ: इथे अर्धी लढाई

इंद्रायणी आणि आंबेमोहोर चवीला उत्तम, पण गोळा भाताला नकोत. ते चिकट असल्यामुळे पाणी आटतानाच भात एकजीव होतो, वाफेला वर यायला वाट राहत नाही आणि गोळ्याचा खालचा भाग चिखलात बसल्यासारखा राहतो. बासमती याच्या उलट. तो इतका सुटा असतो की कुस्करलेला गोळा त्याला धरतच नाही आणि घास पुलावाचा लागतो. वर जी तक्रार सांगितली तिचं कारण बहुधा हेच.

विदर्भात यासाठी एचएमटी किंवा जय श्रीराम वापरतात. जुना चिन्नोर मिळाला तर सोन्याहून पिवळं. एचएमटी हे वाण चंद्रपूर जिल्ह्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडे यांनी शेतात निवडून निवडून वाढवलेलं. घड्याळाच्या कंपनीशी त्याचा नावापुरताच संबंध. आता पुण्यातही ते सहज मिळतं, त्यामुळे तांदळाची सबब चालायची नाही.

२ वाट्या तांदूळ तीन पाण्यांनी धुवा, २० मिनिटं भिजवा, मग चाळणीवर निथळत ठेवा. जुन्या तांदळाला साडेचार वाट्या पाणी लागतं, नव्याला चार.

तपासा: तांदूळ नवा की जुना ओळखू येत नसेल तर आदल्या दिवशी त्याचा साधा भात करून पाहा. पहिल्यांदाच आणलेल्या तांदळाचा थेट गोळा भात करू नये.

## ३. गोळ्याचं पीठ आणि मोहन

परातीत दीड वाटी भरडा घ्या. त्यात पाऊण चमचा हळद, दीड चमचा तिखट, अर्धा चमचा ओवा हातावर चोळून, अर्धा चमचा जिरं, पाव चमचा हिंग, चवीपुरतं मीठ आणि मूठभर बारीक चिरलेला सांबार (कोथिंबीर) घाला. वायगावची हळद असेल तर अर्धा चमचाच घ्या, तिचा रंग गडद उतरतो. हिवाळ्यात सांबाराऐवजी चिरलेली मेथी घालतात. तेव्हा मीठ आधी मेथीला चोळू नका, पाणी सुटून अंदाज चुकतो.

मोहन हा या टप्प्याचा जीव. ३ मोठे चमचे फल्लीचं (शेंगदाण्याचं) तेल कडकडीत तापवा, भरड्यावर ओता, चमच्याने हलवा आणि हाताला सोसवेल इतकं झालं की दोन्ही तळव्यांनी चोळून चोळून सगळ्या पिठाला लावा. यात घाई करू नका. तेल कणाकणाला लागलं की पाणी आत बेताचं शिरतं आणि गोळा खुसखुशीत राहतो.

तपासा: पीठ मुठीत दाबा. मुटका वळला आणि अंगठ्याने हलकं दाबताच फुटला, तर मोहन बरोबर आहे. वळलाच नाही तर अजून अर्धा चमचा तेल घाला. फुटलाच नाही तर मोहन जास्त झालंय, मूठभर कोरडा भरडा घाला.

आता पाणी. हबक्या हबक्याने शिंपडा, एकदम ओतू नका. सगळं मिळून अर्ध्या वाटीपेक्षा जरा कमीच लागेल. पीठ भिजल्यावर सैलसर वाटेल, पण झाकून १५ मिनिटं ठेवलं की भरडा पाणी पितो आणि घट्ट होतो. लोक इथेच फसतात. भिजवल्या भिजवल्या गोळे वळले तर ते पुढे भातातलं पाणी ओढतात, मग गोळाही कोरडा आणि भातही अर्धकच्चा.

खायचा सोडा घालावा का? माझ्या मते नाही. सोड्याने गोळा फुगतो खरा, पण वाफेत त्याला चिरा पडतात आणि कडा भातात गळतात. मोहन नीट असेल तर सोड्याची गरज पडत नाही.

## ४. गोळे वळणे

तळव्याला तेलाचा हात लावा. लहान लिंबाएवढे गोळे वळा, वरच्या प्रमाणात १० ते १२ होतात. आवळून आवळून गुळगुळीत करू नका. आकार धरेल इतकंच दाबायचं, वरून जरा खडबडीत राहिले तरी चालतील.

मोठे गोळे दिसायला भरदार वाटतात म्हणून पाहुणे आले की हमखास मोठे वळले जातात आणि नेमके त्याच दिवशी मध्ये कच्चे निघतात. माणसं वाढली तर गोळ्यांची संख्या वाढवा, आकार नको.

वळलेले गोळे ओल्या फडक्याखाली ठेवा. नागपुरात एप्रिल-मे महिन्यात पंख्याखाली उघडे ठेवले तर दहा मिनिटांत वरून सुकून तडकतात. तसं पाहिलं तर याच दिवसांत गोळा भात जास्त होतो. बाजारातली भाजी दुपारपर्यंत माना टाकते, मग घरातली डाळच भाजीच्या जागी येते.

## ५. आधण आणि ती दोन-तीन मिनिटं

जाड बुडाचा, रुंद तोंडाचा गंज (पातेलं) घ्या. रुंद यासाठी की गोळे एकाच थरात बसले पाहिजेत. एकावर एक ठेवले तर वरचे नुसते कोरडे होतात आणि खालचे चेपतात.

१. साडेचार वाट्या पाण्याचं आधण ठेवा. त्यात मीठ, चिमूटभर हिंग आणि चमचाभर तेल घाला. हळद नको. पांढऱ्या भातावर पिवळा गोळा असाच हा भात वाढला जातो.

२. पाण्याला खळखळ उकळी आली की तांदूळ वैरा. एकदाच तळापासून हलवा. यापुढे सराटा (उलथनं) भातात घालायचा नाही.

३. मध्यम आचेवर, अर्धवट झाकण ठेवून शिजू द्या. आठ-दहा मिनिटांत पाणी तांदळाच्या बरोबरीला येतं.

४. आता इथून हलू नका. आधी पृष्ठभागावर बुडबुडे फुटत असतात. मग पाणी दिसेनासं होतं आणि भाताला वर बारीक बारीक भोकं पडतात, त्यांतून वाफ फुसफुसत येते. हीच ती वेळ.

५. आच लगेच मंद करा. गोळे एकेक करून भातात अर्धे खोचा, दोन गोळ्यांत बोटभर अंतर ठेवा. कडेचा चमचाभर गरम भात प्रत्येक गोळ्यावर पसरा, म्हणजे वरची बाजू कोरडी पडत नाही.

सावधान: भोकं पडण्याआधी, पाणी वर असताना गोळे टाकले तर ते उकळतात. विरघळण्याची तक्रार इथूनच येते. उशीर झाला आणि भात कोरडा पडला असेल तर कडेकडेने अर्धी वाटी उकळतं पाणी सोडा, मग गोळे ठेवा. गार पाणी चुकूनही नको, भाताचं शित आतून कडक राहतं.

घट्ट झाकण लावा. झाकण सैल असेल तर कणकेची वळी करून कडेला लावा किंवा वर खलबत्ता ठेवा. गंजाखाली तापलेला तवा सरकवा आणि मंद आचेवर १५ ते १८ मिनिटं राहू द्या. झाकण मधेच उघडायचं नाही. वास घ्यायलाही नाही.

### कुकरचं काय?

शिट्टी लावून गोळा भात होत नाही, हे एकदा मान्य करून टाकावं. भोकं कधी पडली ते दिसत नाही आणि दाबाखाली पाणी इतकं उसळतं की गोळे भातात फिरतात. कुकरचं भांडं वापरायचंच असेल तर झाकण न लावता वरच्या चौथ्या पायरीपर्यंत या, मग गोळे खोचा आणि शिट्टी काढून ठेवून झाकण लावा. मंद आच, तवा खाली, वेळ तोच.

## ६. भात दमावर असताना: सार आणि फोडणीचं तेल

ही १५-१८ मिनिटं रिकामी नाहीत. या वेळात दोन्ही कामं आटपली तरच गॅस बंद केल्यावर कुणाला उठावं लागत नाही.

चिंचेचं सार. लिंबाएवढी चिंच सकाळीच भिजत घाला. कोळ काढून ४ वाट्या पाण्यात घाला, त्यात मीठ आणि सुपारीएवढा गूळ टाका. तेलात जिरं, सुकी मिरची, गोडलिंबाची (कढीपत्त्याची) पानं आणि हिंग यांची फोडणी देऊन उकळा. एक उकळी पुरे. जास्त उकळलं की तुरटपणा पुढे येतो. सार पातळच हवं. काही घरांत साराऐवजी ताकाची कढी असते. ती करायची तर बेसन नेहमीच्या निम्मं लावा, पानात डाळीचा गोळा आधीच आहे.

फोडणीचं तेल. याला वरची सजावट समजणारे लोक दोन चमचे तेलात मोहरी तडतडवून मोकळे होतात. गोळा कोरडा असतो, भात कोरडा असतो, त्या दोघांना जोडतं ते हे तेल. चार जणांना अर्धी वाटी तेल लागतं. होय, अर्धी वाटी. डॉक्टरांनी सांगितलं असेल तर ज्याने त्याने आपल्या पानात कमी घ्यावं, फोडणी मात्र पुरेशी करावी.

१. कढल्यात फल्लीचं तेल धूर निघण्याच्या बेतापर्यंत तापवा. ज्यांच्या घरी जवसाचं तेल चालतं त्यांनी ते कडकडीत तापवू नये. जवसाचं तेल लवकर कडवट होतं.

२. मोहरी टाका, पूर्ण तडतडू द्या.

३. लसूण घालत असाल तर ठेचलेल्या आठ-दहा पाकळ्या आता टाका आणि बदामी करा. सणावाराला, सोवळ्याच्या घरात लसूण वगळतात आणि हिंग वाढवतात.

४. गॅस बंद करा. मग तोडलेल्या सुक्या मिरच्या आणि हिंग टाका. भिवापुरी मिरची असेल तर चारच घ्या.

५. तेल जरा निवलं की शेवटी अर्धा चमचा तिखट घाला. गरम तेलात तिखट आधी टाकलं की काळं पडतं आणि सगळ्या भाताला करपट वास लागतो. तो कशानेही जात नाही.

फोडणी गंजातल्या भातावर ओतू नका. वाटीत काढून पंगतीत न्या.

## ७. गोळा शिजला की नाही

१५ मिनिटं झाली की एकदाच झाकण उघडा. कडेचा नव्हे, मधला एक गोळा काढून फोडा, कारण कडेचे आधी शिजतात.

तपासा: आतला रंग कडेपासून मध्यापर्यंत एकसारखा फिका पिवळा आणि पोत रवाळ असेल तर झालं. मध्ये गडद, ओलसर ठिपका असेल किंवा दाताला कच्च्या डाळीची चव लागली, तर भातावर दोन चमचे गरम पाणी शिंपडा आणि झाकण लावून आणखी पाच मिनिटं ठेवा.

गॅस बंद केल्यावर झाकण न काढता १० मिनिटं मुरू द्या. या वेळात पाट-ताटं मांडा, कांदा चिरा, लिंबाच्या फोडी करा, पापड भाजा आणि सगळ्यांना हाक मारा. हाक आत्ताच मारायची, झाकण काढल्यावर नाही.

## ८. वाढणे: इथेही क्रम आहे

गोळा भात पाळीपाळीने जेवण्याचा पदार्थ नाही. झाकण काढल्यावर अर्ध्या तासात गोळा सुकू लागतो, पुन्हा गरम केला की बाहेरून कडक होतो. "तुम्ही बसा, मी नंतर जेवतो" म्हणणाऱ्याला म्हणूनच नागपुरी घरांत त्या दिवशी कुणी ऐकत नाही. लग्नकार्यात वडाभाताचा मान वेगळा आणि तो पाहुण्यांचा. गोळा भात घरच्यांचा, रविवारच्या दुपारचा.

- आधी गोळे अलगद उचलून ताटलीत काढा, मग सराट्याने कडेने भात सोडवा. गोळ्यांसकट ढवळलं तर गंजातच चुरा होतो.
- पानात भात, त्यावर दोन गोळे. गोळा वाढणाऱ्याने फोडायचा नाही. ज्याचं पान त्याने हाताने कुस्करायचा, कुणाला बारीक चुरा आवडतो, कुणाला जाड तुकडे. लहान मुलांचा मात्र आपण फोडून द्या, मध्ये वाफ कोंडलेली असते आणि बोटं भाजतात.
- चुऱ्यावर चमच्याने फोडणीचं तेल, वरून लिंबू. मग कालवायचं.
- सार वाटीत. पहिला भात तेलावर कोरडा खायचा, दुसऱ्या भातावर सार घ्यायचं. पहिल्याच घासाला सार ओतलं तर गोळ्याचा रवाळपणा संपतो.

वाटीतलं तेल आणि सार दोन्ही पंगतीच्या मधोमध ठेवा, ज्याला हवं तो घेईल. करणारीचं पान बाकीच्यांबरोबरच मांडा. वाढायला उठण्याची पाळी दुसऱ्या भाताला येते, आणि ते काम घरातला कोणीही करू शकतो.

## ९. उरला तर

उरण्याची शक्यता कमी, पण उरलाच तर गोळे आणि भात वेगळे करून फ्रीजमध्ये ठेवा. एकत्र ठेवले तर गोळे भातातला ओलावा ओढून घेतात. रात्री पुन्हा गोळा भात म्हणून गरम करू नका. दुसऱ्या दिवशी सकाळी गोळे चुरून घ्या, कढईत मोहरी, कांदा आणि हिरव्या मिरचीची फोडणी करा, आधी चुरा परतून घ्या आणि खमंग वास सुटला की भात टाका. पाण्याचा एक हबका, झाकण, दोन मिनिटं. वाटीत फोडणीचं तेल शिल्लक असेल तर नवी फोडणी करू नका, तेच वापरा.